सॉसेज आणि आंबवलेल्या कोबीचं कॅसरोल कोल्हापुरात, घरच्या घरी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

या पदार्थाबद्दलचे बहुतेक प्रश्न दोन काळज्यांपोटी येतात. कोबी आंबला की नासला, हे कळायचं कसं? आणि आपल्या तिखटात हे बसवायचं कसं? पहिल्याचं उत्तर खाली सविस्तर दिलंय. दुसऱ्याचं लगेच सांगतो: बसवू नका. तिखट ताटात शेजारी घ्या, भांड्यात घालू नका.

हा पदार्थ नक्की आहे तरी काय?

तळाशी अर्धवट उकडलेल्या बटाट्याच्या चकत्या, त्यावर कांद्यात परतलेला आंबट कोबी, कोबीत खरपूस भाजलेले सॉसेजचे तुकडे आणि वर चक्का व चीज. सगळं एका खोलगट भांड्यात रचून ओव्हनमध्ये भाजायचं. फक्त मिठात आंबवलेल्या या कोबीला सावरक्राउट म्हणतात. जर्मनी, पोलंड, फ्रान्सचा अल्सास प्रांत अशा थंडीच्या मुलखात बर्फ पडायच्या आधी कोबी चिरून मिठात दाबून ठेवायचा आणि हिवाळाभर पुरवायचा, ही जुनी रीत. त्यात क जीवनसत्त्व टिकतं, म्हणून कॅप्टन जेम्स कुक १७६८ साली 'एन्डेव्हर' जहाजावरून निघाला तेव्हा खलाशांना स्कर्व्ही होऊ नये म्हणून त्यानं हा कोबी भरून नेला होता. अल्सासमध्ये याच कोबीवर सॉसेज आणि डुकराचं मांस रचून शुक्रूत गार्नी करतात, पोलंडमध्ये त्याचा बिगोस, म्हणजे मांस घालून शिजवलेला कोबी, होतो. आपलं कॅसरोल त्यांच्याच भाऊबंदातलं, पण जरा आळशी माणसासाठी.

कोल्हापुरात हे खूळ कुठनं आलं?

आमच्या घरी म्हणाल तर हौसेनं. पण पोलंडचं नाव या शहराला नवं नाही. दुसऱ्या महायुद्धात देशोधडीला लागलेले सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित, त्यात बायका आणि लहान मुलंच जास्त, १९४३ ते १९४८ या काळात इथल्या वळिवड्याच्या छावणीत राहिले. ते गेल्यावर त्या जागेवर सिंधी निर्वासितांची वसाहत झाली, तेच आजचं गांधीनगर. कापड घ्यायला आपण तिथं जातो तेव्हा हे कुणाच्या ध्यानीमनीही नसतं. महावीर उद्यानात त्या पोलिश लोकांचं स्मारक आहे. तिकडं वॉर्सातही कोल्हापूरच्या नावाचं स्मारक आहे. तेव्हा आंबट कोबी आणि सॉसेज खाणारी माणसं पंचगंगेच्या काठानं फिरून गेलीत एवढं म्हणायला हरकत नाही.

कोबी विकत घ्यावा की घरी आंबवावा?

घरी. बरणीतला परदेशी माल महाग पडतो, सगळीकडे मिळत नाही, आणि बऱ्याच बरण्या तापवून बंद केलेल्या असल्यामुळे कोबी मऊ पडलेला असतो. घरी लागतं काय? कोबी, मीठ आणि धीर. सॉसेज मात्र पहिल्यांदा विकत आणा, दोन्ही आघाड्या एकदम उघडू नका.

कोबी आंबवायची रीत सांगा. मीठ किती?

मीठ अंदाजानं घालू नका, वजन करा. चिरलेल्या कोबीच्या वजनाच्या २ ते २.५ टक्के, म्हणजे एक किलोला २० ते २५ ग्रॅम. काटा नसेल तर सपाट चार चहाचे चमचे बारीक मीठ. यापेक्षा फार कमी पडलं तर कोबी लिबलिबीत होतो, फार जास्त पडलं तर आंबायचंच रेंगाळतं. रोजचं आयोडीनचं मीठ चालतं.

गड्डा घट्ट आणि जड बघून घ्या. कपिलतीर्थ मंडईत थंडीच्या दिवसांत चांगले मिळतात. वरची दोन-तीन पानं काढून बाजूला ठेवा, ती लागणार आहेत. कोबी भजीला चिरतो तसा बारीक चिरा, मीठ टाका आणि दहा मिनिटं हातानं चांगला रगडा. पाणी सुटलं पाहिजे. मुठीत धरून पिळल्यावर धार लागली पाहिजे. मग काचेच्या किंवा चिनी मातीच्या बरणीत मुठीनं दाबत दाबत भरा. वर दोन-तीन बोटं जागा सोडा. बाजूला ठेवलेलं पान वरून झाकून त्यावर वजन ठेवा. उकळून घेतलेला गुळगुळीत दगड चालेल, पाण्यानं भरलेली छोटी काचेची वाटी चालेल. कोबी सुटलेल्या पाण्याखाली बुडलेला राहिला पाहिजे, बाकी सगळे नियम या एका नियमापुढे किरकोळ. एका दिवसानंतरही पाणी वर आलं नाही, तर एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात २० ग्रॅम मीठ विरघळवून लागेल तेवढं ओता.

झाकण सैल ठेवा. पहिले चार-पाच दिवस वायू सुटतो, बुडबुडे येतात, पाणी उतू जातं. बरणी ताटलीत ठेवलेली बरी.

लोणच्यासारखं वरून तेल ओतायचं का?

नको. लोणच्यात तेल जे काम करतं ते इथे मिठाचं पाणी करतं. व्हिनेगर, हळद, मोहरीची डाळ यातलंही काही नको. हवं तर एक चमचा शहाजिरे कोबीबरोबर रगडा. साधं जिरं घातलं तर सगळ्या बरणीला जिरेभाताचा वास येईल.

सासूबाई म्हणतात कोबी सडवून खायचा म्हणजे काय! आंबणं आणि सडणं यात फरक काय?

सासूबाईंना इडलीचं पीठ दाखवा. इडलीचं पीठ फुगवणारे ल्युकोनॉस्टॉक जातीचे जिवाणूच इथे पहिले कामाला लागतात. कोबीतली साखर खाऊन ते आम्ल आणि वायू तयार करतात. आंबटपणा वाढला की ते मागे पडतात आणि लॅक्टोबॅसिलस गटातले, जास्त आम्ल सोसणारे जिवाणू पुढचं काम हाती घेतात. नासवणाऱ्या जिवाणूंना मीठही नको असतं आणि आम्लही नको असतं, म्हणून त्यांची डाळ शिजत नाही. सामू (आम्लता मोजायचा आकडा, पीएच; जितका कमी तितकं आंबट) ४.६ च्या खाली गेला की धोक्याचे जिवाणू वाढत नाहीत. पुरता आंबलेला कोबी साडेतीनच्या आसपास असतो.

नाकावर विश्वास ठेवा. चांगल्या बरणीला स्वच्छ आंबट वास येतो, पहिल्या आठवड्यात थोडा उग्रही असतो. कुजकट, शेणासारखा वास आला, कोबी काळपट किंवा गुलाबी झाला, धरला तर बुळबुळीत लागला, तर टाकून द्या.

पाण्यावर पांढरा पापुद्रा आलाय. टाकू?

पापुद्रा सपाट, पातळ, सुरकुतलेला असेल तर ते यीस्ट आहे. चमच्यानं काढून टाका, वजन धुऊन परत ठेवा. केसाळ, हिरवी, काळी किंवा गुलाबी वाढ दिसली तर ती बुरशी. मग वरचं काढून खालचं वाचवायच्या नादी लागू नका. पावसाळ्यात आपल्याकडे भिंतीलाही बुरशी येते, तेव्हा जून ते सप्टेंबर पहिला प्रयोग न केलेलाच बरा.

आपल्या हवेत जमतं का? तिकडं थंडी असते.

जमतं, पण महिना बघून. कोबीला १८ ते २२ अंश मानवतात. दिवाळीनंतर माघापर्यंत कोल्हापुरात घरातली सावलीची जागा त्याच्या जवळपास येते; कडप्प्याच्या ओट्याखाली, गॅसपासून लांबच्या कोपऱ्यात बरणी ठेवा, दोन ते तीन आठवड्यांत छान होतो. मार्चनंतर सगळं घाईत उरकतं. उष्णतेत पहिल्या जिवाणूंना पुरता वेळ मिळत नाही, म्हणून आंबटपणा एकसुरी लागतो आणि कोबीचा कुरकुरीतपणा जातो. तरी करायचाच असेल तर बरणीभोवती ओलं गोणपाट गुंडाळा, पाचव्या-सहाव्या दिवसापासून रोज चव बघा आणि आंबट वाटला की फ्रीजमध्ये हलवा. फ्रीजमध्ये पाण्याखाली राहिला तर दोन-तीन महिने सहज टिकतो. कॅसरोलसाठी थोडा जास्त आंबलेला कोबीच चांगला. कोशिंबिरीसारखा कच्चा खायचा असेल तर लवकर काढा.

कोल्हापुरात सॉसेज कुठलं घ्यायचं?

मोठ्या सुपरमार्केटच्या फ्रीझरमध्ये चिकन सॉसेज हमखास मिळतं. ते बहुतेक वेळा आधीच शिजवलेलं असतं, पाकिटावर वाचून खात्री करा. त्याचा दोष एवढाच, की ते अति गुळगुळीत असतं. म्हणून तिरके जाड तुकडे करून, तेलात दोन्ही बाजूंनी डाग पडेपर्यंत भाजा. न भाजता कोबीत टाकलं तर रबर खाल्ल्याचा भास होतो. पोर्कचं मिळालं तर उत्तमच, कारण त्याची चरबी आंबटपणाला आवरते. कच्चं असेल तर आतपर्यंत शिजलंच पाहिजे: पोर्क ७१ अंश, चिकन ७४ अंश. थर्मामीटर नसेल तर मधोमध कापून बघा, गुलाबी काही दिसायला नको.

गोव्याहून येताना चोरीस, म्हणजे तिकडचं पोर्कचं सॉसेज, आणता येतं, पण ते आधीच व्हिनेगर आणि मिरचीनं भरलेलं असतं. घालायचं तर निम्मंच घाला आणि कोबी आधी एकदा धुऊन घ्या. चव गोव्याकडे झुकेल, वाईट लागणार नाही.

आमच्या घरात मटणाशिवाय कुणाचं पान हलत नाही. मटणाचं सॉसेज होईल का?

होईल, आणि माझ्या मते विकतच्या चिकन सॉसेजपेक्षा ते कितीतरी सरस. आतड्याचं आवरणही लागत नाही.

खाटकाला अर्धा किलो खिमा दोनदा काढून द्यायला सांगा आणि त्यात शंभर ग्रॅमभर चरबी घालायला सांगा. चरबी काढून टाका असं सांगायची सवय आता अनेकांना लागलीय. इथे उलटं सांगायचं. घरी आणून खिमा फ्रीझरमध्ये अर्धा तास ठेवा, भांडंही गार करा. मग ९ ते १० ग्रॅम मीठ, एक चमचा भरड मिरी, ठेचलेल्या चार लसूण पाकळ्या, चिमूटभर जायफळ, असेल तर अर्धा चमचा सुका मार्जोरम (युरोपातला एक सुगंधी पाला), आणि तीन-चार चमचे बर्फाचं पाणी. आता मळा. कणकेसारखा मळायचा, हाताला चिकटून तार सुटेपर्यंत. मीठ आणि मळणं यामुळे मांसातली प्रथिनं सुटी होतात आणि तीच नंतर खिमा धरून ठेवतात. इथे कंटाळा केलात तर भांड्यात सॉसेजऐवजी सुका खिमा सापडेल. खिमा गरम होऊ लागला तर थांबून पुन्हा गार करा, नाहीतर चरबी सुटून वेगळी होते.

ओल्या हातानं अंगठ्याएवढे जाड रोल वळा, उकळी न फुटलेल्या गरम पाण्यात दहा-बारा मिनिटं सोडा, बाहेर काढून गार करा आणि मग तव्यावर भाजा. कांदा-लसूण मसाला इथेही नको. एकदा घातलात की त्याचे कबाब झाले, कॅसरोल नव्हे.

आता प्रत्यक्ष कॅसरोल. चौघांसाठी प्रमाण?

पिळलेला आंबट कोबी अर्धा किलो, बटाटे अर्धा किलो, सॉसेज ४०० ते ५०० ग्रॅम, मोठे कांदे दोन, सफरचंद एक, लसणीच्या चार पाकळ्या, शहाजिरे एक चमचा, तमालपत्र दोन, भरड मिरी, मोहरीची तयार पेस्ट एक मोठा चमचा, बिनमिठाचा रस्सा किंवा पाणी एक वाटी, चक्का अर्धी वाटी, किसलेलं चीज शंभर ग्रॅम, लोणी दोन चमचे.

रस्सा म्हणजे वेगळं काही करू नका. रविवारी मटण शिजवताना जे अळणी पाणी काढता, त्यातलं वाटीभर बाजूला ठेवा. फक्त त्यात मीठ पडायच्या आधी काढा.

सॉसेज भाजून काढा. त्याच भांड्यात लोणी घालून कांदा मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटं परता, चांगला बदामी होऊ द्या. लसूण, शहाजिरे, तमालपत्र, सफरचंदाच्या फोडी, मग कोबी मोकळा करून घाला. रस्सा ओता आणि झाकून वीस मिनिटं शिजू द्या. मोहरीची पेस्ट आणि सॉसेज मिसळा. लोणी लावलेल्या भांड्यात अर्धवट उकडलेल्या बटाट्याच्या चकत्या, त्यावर हे मिश्रण, वर फेटलेला चक्का पसरा. १८० अंशांवर झाकून वीस-पंचवीस मिनिटं, मग झाकण काढून चीज घालून आणखी पंधरा मिनिटं. कडेनं बुडबुडे आणि वर तपकिरी डाग दिसले की झालं. दहा मिनिटं तसंच राहू द्या.

मीठ कुठेच लिहिलेलं नाही, कारण कोबी, सॉसेज आणि चीज तिन्ही खारट आहेत.

बटाटा तासभर भाजूनही कचकच लागतो. का?

कच्चा घातला म्हणून. आम्लात बटाट्याच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन विरघळत नाही, त्यामुळे आंबट पाण्यात बटाटा कितीही वेळ ठेवला तरी मऊ पडायला नकार देतो. टोमॅटो आधी घातलेल्या रश्श्यातही हेच होतं. चकत्या साध्या पाण्यात पाऊणभर शिजवून मगच रचा.

फार आंबट झालं तर?

कोबी भांड्यात जायच्या आधी चाखा, नंतर उपाय कमी उरतात. हातानं घट्ट पिळून निघालेलं पाणी फेकू नका, शेवटी आंबटपणा कमी वाटला तर तेच घालायचंय. पिळूनही जास्त वाटला तर एकदा गार पाण्यातून काढा, दोनदा नको, चव पाण्यात जाते. शिजताना कांदा, सफरचंद आणि लोणी आंबटपणा मवाळ करतात. एवढं करून उरलाच तर सुपारीएवढा गूळ. कोल्हापुरात राहून साखर कशाला घालायची? खाण्याचा सोडा टाकायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका.

ओव्हन नाही.

ओटीजी किंवा कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह असेल तर तोच ओव्हन. काहीच नसेल तर जाड बुडाच्या नॉनस्टिक किंवा स्टीलच्या भांड्यात रचा, खाली तवा ठेवून अगदी मंद आचेवर अर्धा तास झाकून ठेवा. वरचा तपकिरी थर मिळणार नाही, चव मिळेल. कुकरमध्ये करू नका, सगळ्याचा लगदा होतो.

भांडं कुठलं नको?

ॲल्युमिनियम, बिनकल्हईचं पितळ आणि तांबं. आम्ल त्यांना खातं. ॲल्युमिनियम फॉइलनं झाकलंत तर ती कोबीला टेकू देऊ नका, बारीक भोकं पडतात.

आंबवायला वेळ नाही, व्हिनेगर घालून चालेल?

चालेल, पण तो दुसरा पदार्थ. बारीक कोबी पाव वाटी व्हिनेगर, मीठ आणि शहाजिऱ्यात अर्धा तास मंद शिजवा आणि पुढे तसंच करा. आंबटपणा मिळेल, खोली नाही.

श्रावणात काय करायचं?

मशरूम. पोलंडमध्ये नाताळच्या आदल्या रात्रीचं जेवण बिनमांसाचं असतं आणि त्यात आंबट कोबी मशरूम किंवा वाटाण्याबरोबर शिजवतात, तेव्हा ही काही तडजोड म्हणता येणार नाही. पाव किलो मशरूम पाणी आटेपर्यंत परतून घाला, सोबत वाटीभर उकडलेला राजमा. पनीर मला इथे आवडत नाही, आंबटात आंबट वाटतं.

सोबत काय वाढायचं?

पाव, किंवा ज्वारीची भाकरी. भाकरी खरंच छान लागते, रस टिपून घेते. भात नको. पाहुणे तिखटाशिवाय जेवणारच नसतील तर ठेचा ताटात डावीकडे वाढा. पांढरा रस्सा वाटीत दिला तरी जमतो; तांबडा दिलात तर कोबीची चव कळणारच नाही.

तब्येतीला कसं?

कच्च्या कोबीतले जिवाणू भाजताना मरतात, त्यामुळे पोटासाठी खायचा असेल तर दोन चमचे कच्चा बाजूला घ्या. रक्तदाबवाल्यांनी मिठाचा विचार करावा. विकतचं सॉसेज हे प्रक्रिया केलेलं मांस आहे आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेनं २०१५ साली अशा मांसाला कर्करोगकारकांच्या पहिल्या गटात टाकलंय. दर आठवड्याचा बेत नको, हौसेनं कधीतरी. एमएओ इन्हिबिटर गटातली औषधं (नैराश्यावर दिली जाणारी काही औषधं) चालू असतील तर आंबवलेल्या पदार्थांबद्दल डॉक्टरांना विचारल्याशिवाय खाऊ नका.

उरलं तर?

गार होऊ द्या, पण ओव्हनमधून काढल्यापासून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये ठेवा, तीन दिवसांत संपवा. फ्रीझरमध्ये ठेवू नका, बटाटा पाणचट होतो. दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्ये परत गरम करण्यापेक्षा तव्यावर थोडं तेल घालून पसरा, हलवू नका, बुडाला खरपूस लागू द्या, उलथन्यानं उलटा आणि वर अंडं फोडा.